भोपळ्याच्या माहेराहून : वाचकांचे प्रश्न

ऑक्टोबरच्या अंकात मी फक्त चार ओळी लिहिल्या होत्या : पानगळीच्या दिवसांत भोपळा घ्या, तूप, मेपल सिरप, दालचिनी, जायफळ घालून ओव्हनमध्ये भाजा आणि जेवणात भाजीशेजारी वाढा. जागा तेवढीच होती. त्यावर जी पत्रं आली ती वाचून कळलं, की एवढंच सांगून थांबायला नको होतं. कुणाची सुरी भोपळ्यात अडकून बसली, कुणाच्या फोडींचा लगदा झाला, कुणाला प्रश्न पडला की गोड पदार्थ भाजीच्या जागी वाढायचाच कशाला. म्हणून या वेळचं सगळं सदर भोपळ्याचं. मी १९९२ पासून मॅसॅच्युसेट्समध्ये, बॉस्टनच्या पश्चिमेला राहते. माझं माहेर कुडाळजवळचं. उत्तरांत दोन्ही गावं येणारच.

काकू, नमस्कार. लग्न होऊन मार्चमध्ये इकडे आले. आता दुकानाबाहेर भोपळ्यांचे ढीग लागलेत. एक घंटेसारखा फिकट, एक हिरवागार खोल शिरांचा, एक गोल चपटा गडद हिरवा, एक पिवळा पट्ट्यापट्ट्यांचा. आपल्या लाल भोपळ्याच्या जवळचा कुठला? आणि अजून थंडी नाही तर याला ‘विंटर स्क्वॉश’ का म्हणतात?
— एडिसन, न्यू जर्सीहून एक वाचक

अगं, तू अगदी योग्य वेळी विचारलंस. घंटेसारखा फिकट आहे ना, तो बटरनट. तोच आपल्या लाल भोपळ्याचा सख्खा भाऊ. आपल्याकडे बाजारात फोडी करून विकतात तो मोठा शिरांचा भोपळा बहुतेक ज्या जातीचा असतो, त्याच जातीचा हा आहे. वनस्पतिशास्त्रात तिला ‘कुकुर्बिटा मोस्काटा’ म्हणतात. गर घट्ट, धागे कमी, बिया फक्त खालच्या फुगीर भागात. वरची मान पूर्ण भरीव असते, म्हणून घेताना जाड आणि लांब मानेचा घे.

हिरवा, खोल शिरांचा तो एकॉर्न. पिवळ्या पट्ट्यांचा लांबट तो डेलिकाटा. हे दोघं वेगळ्या जातीचे, झुकिनीच्या नात्यातले. एकॉर्नचा गर फिका आणि जरा धागेदार, गोडी कमी. म्हणूनच इथले लोक त्याच्या वाटीत लोणी आणि ब्राऊन शुगर घालतात. डेलिकाटाची साल इतकी पातळ की सोलायचीच नाही, गोल चकत्या करून सालीसकट खायच्या. गोल चपटा गडद हिरवा बहुधा काबोचा असेल. तो कोरडा, पिठूळ, भाजला की चवीला उकडलेल्या रताळ्याच्या आणि चेस्टनटच्या मधला. पहिल्यांदा करणार असशील तर बटरनटच आण.

आता नाव. ‘विंटर’ म्हणजे हिवाळ्यात पिकणारा नव्हे, हिवाळाभर टिकणारा. वेलीवर पूर्ण जून होऊ देतात, साल नखाने दाबली तरी खूण उमटत नाही इतकी टणक झाली की तोडतात. कोवळी असतानाच तोडून खातात ती झुकिनी वगैरे उन्हाळी मंडळी. आपल्याकडे कोवळा दुधी आणि जून तांबडा भोपळा असा जो फरक करतो, तसाच.

बटरनटबद्दल एक गोष्ट सांगितल्याशिवाय राहवत नाही, कारण ती माझ्या घरापासून पंधरा-वीस मिनिटांवर घडली. स्टो नावाचं लहानसं गाव आहे, सफरचंदांच्या बागांचं. तिथे १९४० च्या दशकात चार्ल्स लेगेट नावाच्या गृहस्थांनी हा भोपळा तयार केला. पेशाने ते शेतकरी नव्हते, विम्याचं काम करायचे. त्या काळी इथे लांब वाकड्या मानेचा ‘गूजनेक’ नावाचा भोपळा मिळायचा, कापायला आणि पेटीत भरायला त्रासदायक. त्यांनी संकर करत करत सरळ, आटोपशीर फळ काढलं आणि जवळच्या वॉल्थम इथल्या कृषी संशोधन केंद्रात दाखवायला नेलं. पुढे त्याच केंद्रात सुधारलेल्या ‘वॉल्थम बटरनट’ला १९७० मध्ये ‘ऑल अमेरिका सिलेक्शन्स’ हा नव्या वाणांना दिला जाणारा पुरस्कार मिळाला. आज जगभर विकला जातो तो बहुतेक याच घराण्यातला. मी दर सप्टेंबरात स्टोच्या रस्त्यावरच्या शेतकऱ्याच्या टपरीवरून भोपळे आणते, आणि दर वेळी मला त्या विम्याच्या माणसाची आठवण येते.

ताई, एकॉर्न कापताना सुरी अर्ध्यात रुतली ती निघेना. शेवटी नवऱ्याने हातोडीने ठोकली. काही सोपा उपाय?
— नेपरव्हिल, इलिनॉय

हातोडी पुन्हा घेऊ नका, कळकळीने सांगते. आमच्या घरी १९९५ च्या थँक्सगिव्हिंगला (आमच्या अमेरिकेत हा सण नोव्हेंबरात असतो) यांच्या अंगठ्याला चार टाके पडलेत, तेही असंच फळ हातात धरून कापताना. पाहुणे दारात आणि आम्ही इस्पितळात.

फळ आधी मऊ करून घ्यायचं. धुवा, काट्याने किंवा सुरीच्या टोकाने पाच-सहा ठिकाणी खोल टोचा आणि अख्खंच मायक्रोवेव्हमध्ये तीन मिनिटं ठेवा. टोचायला विसरू नका, नाहीतर आत वाफ कोंडून फळ फुटतं. बाहेर काढून पाच मिनिटं निवू द्या. पोळपाटाखाली घालतो तसं ओलं फडकं फळीखाली घाला म्हणजे फळी सरकणार नाही. देठ कापायच्या भानगडीत पडू नका, तो लाकडासारखा असतो. देठाच्या बाजूने, दोन कण्यांच्या मधल्या खाचेत सुरीचं टोक घालून टाचेकडून खाली दाबा. दोन्ही बाजूंनी खालपर्यंत आलं की हातांनी उघडा, देठापाशी आपोआप तुटतं. बिया काढायला आइस्क्रीमचा चमचा सगळ्यांत चांगला.

बटरनट मात्र मान आणि पोट वेगळं करून, दोन्ही उभे ठेवून सोलायचे. कच्चा बटरनट सोलताना त्याचा चीक हातावर सुकतो, कातडी ताणल्यासारखी होते, काहींना साल निघते. कोकणात सुरण सोलताना हाताला तेल लावतात तसं लावा किंवा हातमोजे घाला.

मावशी, तुमच्या पद्धतीने फोडी केल्या. सिरप घातलं, मसाला घातला, पाऊण तास भाजलं. वर करपलं, आत गिळगिळीत, आणि चव म्हणाल तर नुसती साखर. सासूबाई म्हणाल्या, “याच्यापेक्षा आपली भाजी बरी.” कुठे चुकलं?
— फ्रीमाँट, कॅलिफोर्निया

तुमच्या पत्राने मला सर्वांत जास्त विचार करायला लावला, कारण चूक तुमची नाही, माझ्या चार ओळींची आहे. आज सविस्तर सांगते.

माझी आई पावसाळा संपला की रताळी दोन तऱ्हांनी करायची. घाई असली की पातेल्यात उकडायची. वेळ असला की स्वयंपाक झाल्यावर चुलीतल्या निखाऱ्यांत पुरून ठेवायची. तीच रताळी, पण उकडलेलं ते पाणीदार, आणि निखाऱ्यातलं असं गोड की सालीला चिकटलेला पाकही आम्ही चाटायचो. त्यात साखर कुणी घातली नव्हती. मंद निखाऱ्यांत रताळ्यातल्या पिठाची साखर झाली, आणि पाणी उडून ती गोडी आटून घट्ट झाली. भोपळ्याचंही पाण्याच्या बाबतीत तेच. भोपळ्यात बहुतांश पाणीच. ते उडून गेलं तर तो स्वतःच गोड लागतो, आणि ते आतच राहिलं तर वरून कितीही सिरप ओता, गोड पाण्यातला भोपळाच होणार.

म्हणून पहिली गोष्ट, गर्दी करू नका. एक किलोचा बटरनट सोलून साधारण ७५० ग्रॅम फोडी होतात. त्या एका ट्रेमध्ये दाटीवाटीने रचल्या की एकमेकींच्या वाफेवर शिजतात. दोन मोठे ट्रे घ्या. फोड इंचभराची, आणि दोन फोडींमध्ये बोटभर जागा. ओव्हन ४२५ फॅरनहाइट, म्हणजे २२० सेल्सिअस, आणि पूर्ण तापल्यावरच ट्रे आत. फॉइलने झाकायचं नाही. सुरुवातीला फक्त एक मोठा चमचा पातळ तूप आणि पाऊण लहान चमचा मीठ फोडींना चोळायचं, बाकी काही नाही.

सिरप सुरुवातीला घातलंत, म्हणून करपलं. साखर फोडीच्या आधी जळते. पंचवीस मिनिटं नुसत्या तुपा-मिठात भाजू द्या, अर्ध्यात एकदा उलटा. कडा तपकिरी झाल्या, सुरी लोण्यासारखी आत गेली, की मग मसाला.

आणि मसाला कोरडा भुरभुरायचा नाही. आपण जिऱ्याची पूड कधी भाजीवर कच्ची टाकून सोडतो का? छोट्या कढल्यात एक मोठा चमचा तूप मंद आचेवर गरम करा. त्यात ताज्या कुटलेल्या दोन लवंगा, पाव चमचा सुंठ, पाव चमचा दालचिनीची पूड, चिमूटभर लाल तिखट. तुपाला वास सुटला की लगेच आच बंद करा, अर्धा मिनिटही पुष्कळ होतं. मग दीड मोठा चमचा मेपल सिरप. हे मिश्रण फोडींवर घालून पुन्हा आठ-दहा मिनिटं ओव्हनमध्ये. बाहेर काढल्यावर जायफळ वरून किसा, किसणीवर आठ-दहा वेळा फिरवलं की बास. जायफळाचा वास फार नाजूक, आधी घातलं तर ओव्हनमध्येच उडून जातो. शेवटी अर्ध्या लिंबाचा रस आणि दोन चिमटी जाडसर मिरपूड. लिंबू वगळू नका. तुम्हाला ‘नुसती साखर’ लागली ती आंबटपणा नसल्यामुळे.

दालचिनीबद्दल जरा थांबून सांगायला हवं. इथल्या दुकानात ‘सिनॅमन’ म्हणून जी पूड मिळते ती बहुतेक जाड सालीच्या कॅसियाची, उग्र आणि तिखटसर. कोकणातली आणि श्रीलंकेतली खरी दालचिनी कागदासारखी पातळ, हाताने चुरता येणारी, वासाला गोड. कॅसिया असेल तर पाव चमचाच, कोकणातून कुणी आणून दिली असेल तर अर्धा. माझ्याकडे अजून आमच्या वाडीतलं जायफळ येतं, नारळी-पोफळीच्या सावलीत एक झाड आहे. परसात सर्वसुगंधीचंही झाड आहे, ज्याची पानं आई पुलावात घालायची. इथल्या भोपळ्याच्या मसाल्यात ‘ऑलस्पाइस’ असतो ना, तो त्याच झाडाची वाळवलेली फळं. हे मला इथे आल्यावर दहा वर्षांनी समजलं, डबी उघडली आणि आमचं परस नाकात आलं.

सिरप घेताना बाटली उलटी करून वाचा. ‘पॅनकेक सिरप’ म्हणून जे स्वस्त मिळतं ते मक्याच्या साखरेचं, वास घातलेलं. खरं मेपल सिरप म्हणजे झाडाचा आटवलेला रस, दुसरं काही नाही. फेब्रुवारी-मार्चमध्ये रात्री बर्फ आणि दिवसा वितळण असं हवामान आलं की झाडांना छिद्र पाडून रस धरतात, आणि साधारण ४० लिटर रस आटवला की एक लिटर सिरप होतं. २०१५ पासून दुकानातलं सगळंच ‘ग्रेड ए’ असतं, फरक रंगाचा. फिकट घेऊ नका, ‘डार्क, रोबस्ट’ लिहिलेलं घ्या. त्याची चव काकवीच्या जवळ जाते. आणि घरी काकवीच असेल, तर मेपल आणूच नका. कोल्हापूरकडची काकवी घालून केलेला बटरनट मला जास्त आवडतो, त्यात किंचित खारटपणा असतो तो भोपळ्याला शोभतो.

सासूबाईंना माझा नमस्कार सांगा, आणि पुढच्या वेळी मसाल्याच्या तुपात आधी सात-आठ मेथीदाणे परतून घाला. आपल्या लाल भोपळ्याच्या भाजीत मेथीची फोडणी असते, ती का असते हे तेव्हा त्यांनाच पहिल्या घासाला कळेल. गोडाला कडूची धार लागते.

सौ. ताई, मी निवृत्त शिक्षक. मुलाकडे टोरोंटोला आलो आहे. इथला थँक्सगिव्हिंगचा सण ऑक्टोबरातल्या दुसऱ्या सोमवारी झाला. सुनेने टर्कीऐवजी पनीर केलं आणि शेजारी तुमचा भोपळा वाढला. चव चांगली होती, पण गोड पदार्थ भाजीच्या जागी वाढणं आपल्या पद्धतीत बसत नाही. मग हा पानात नेमका कुठे?
— एक आजोबा

आजोबा, तुम्ही पानाचा विचार केलात याचा मला फार आनंद झाला. आपल्या पानात डावीकडे मीठ, लिंबू, चटणी, कोशिंबीर, भरीत. उजवीकडे भाजी, आमटी. लाल भोपळ्याचं दह्यातलं भरीत गोडसरच असतं आणि ते डावीकडे निमूट बसतं. भाजीत गूळ घालून ती उजवीकडेही बसते. गोड म्हणजे शेवटचं, असा नियम आपल्या पानात कधी नव्हताच. श्रीखंड पोळीबरोबर आणि पुरण तुपाबरोबर पहिल्यापासून पानात असतं. तेव्हा मी तरी त्याला उजवीकडे, भाजीच्या शेजारी वाढते, बेताने, दोन मोठे चमचे.

पण तुमच्या प्रश्नाच्या मागे दुसरं काही आहे असं मला वाटतं : हे आपलं की परकं? त्याबद्दल मी पुष्कळ वाचलं आहे. दुधी भोपळा आपल्याकडचा जुना, सतारीला आणि तंबोऱ्याला लागतो तो भोपळाही त्याच कुळातला. तांबडा भोपळा मात्र मूळ अमेरिका खंडातला. इथल्या मूळ लोकांनी हजारो वर्षं तो मका आणि घेवड्याबरोबर एकाच वाफ्यात लावला. मक्याला घेवडा चढतो, भोपळ्याची रुंद पानं खालची माती झाकतात, तण येऊ देत नाहीत आणि ओल धरून ठेवतात. त्या तिघांना ‘तीन बहिणी’ म्हणतात. ‘स्क्वॉश’ हा शब्दसुद्धा इंग्रजीचा नाही, तो माझ्या शेजारच्या ऱ्होड आयलंडमधल्या नॅरागॅन्सेट लोकांच्या भाषेतून आलेला. रॉजर विल्यम्स यांनी १६४३ मध्ये तो लिहून ठेवला. समुद्रमार्गाने युरोपी व्यापाऱ्यांबरोबर तांबडा भोपळा आपल्या किनाऱ्यावर उतरला आणि इतका रुळला की आज पितृपक्षात त्याच्या भाजीशिवाय पान पुरं होत नाही.

म्हणजे आजोबा, आपण ज्याला घरचा म्हणून पितरांना वाढतो त्याचं माहेर इथलं आहे. टोरोंटोच्या आसपास राहणाऱ्या हॉडेनोसौनी या मूळ लोकांच्या शेतांतही या तीन बहिणी होत्या. पुढच्या वर्षी सूनबाईंनी वाढला की त्या फोडीकडे परकी म्हणून पाहू नका, एवढी विनंती.

आमच्याकडे नागपूरला लाल भोपळ्याला कोहळं म्हणतात. बाकरभाजीत खसखस, खोबरं, चारोळी असते. ओव्हन नाही. तुमचा प्रकार कढईत होईल का?

होईल, आणि छान होईल. फक्त आपल्याकडचा भोपळा बटरनटपेक्षा जास्त पाणी सोडतो, म्हणून झाकण ठेवायचं नाही. लोखंडी कढई किंवा जाड तवा, सालीसकट दोन बोटं जाडीचे काप, एका थरात. मध्यम आचेवर तुपावर ठेवा आणि सात-आठ मिनिटं हलवू नका. हलवलं की पाणी सुटतं आणि मोडतं. खालची बाजू डागाळली की उलटा. मग वर लिहिलेला मसाला आणि मेपलऐवजी चिरलेला गूळ.

खसखस-खोबऱ्याचं सुचवलंत त्यासाठी तुमचे आभार. इथे भोपळ्यावर पेकन नावाचे दाणे घालतात, अक्रोडासारखे. मी तुमचं पत्र आल्यावर बटरनटवर कोरडं भाजलेलं खसखस-खोबरं आणि चारोळी घालून पाहिली. मिरी जरा वाढवावी लागली. आता पेकन आणणार नाही.

गेल्या वर्षीच्या एकॉर्नच्या बिया जपून मागच्या अंगणात लावल्या. यंदा चार फळं आली, दिसायला सुंदर. पण भाजल्यावर इतकं कडू की तोंडात धरवेना. साखर वाढवली तर चालेल?
— डरहॅम, नॉर्थ कॅरोलायना

नाही. एक घाससुद्धा खाऊ नका. चारही फळं टाकून द्या आणि बियाही ठेवू नका. हे उत्तर बाकी सगळ्या उत्तरांपेक्षा महत्त्वाचं आहे.

भोपळ्याच्या कुळातल्या रानटी वेलींत ‘कुकुर्बिटासिन’ नावाचं अतिशय कडू द्रव्य असतं. शेतीत आलेल्या जातींतून ते निवडत निवडत काढलं गेलं आहे. पण एकॉर्न, झुकिनी आणि शोभेसाठी विकतात ते रंगीबेरंगी चिमुकले भोपळे हे सगळे एकाच जातीचे, त्यामुळे मधमाशा त्यांचे पराग एकमेकांत नेतात. ज्या शेतातून तुमचं फळ आलं तिथे जवळ शोभेचे भोपळे असतील. त्या वर्षीचं फळ गोडच लागतं. कडूपणा त्याच्या बियांतून पुढच्या वेलीत उतरतो. शिजवून तो जात नाही, साखरेने झाकला जातो एवढंच, आणि मग माणूस जास्त खातो. पोट पिळवटून उलट्या-जुलाब होतात. आपल्याकडे कडू दुधीचा रस पिऊन माणसं दगावली आहेत, कारण तेच. कुणी आधीच बरंचसं खाल्लं असेल आणि त्रास होत असेल तर थेट डॉक्टरांकडे जा.

पुढच्या वर्षी बिया विकतच्या आणा. कापल्यावर कच्च्या गराचा तुकडा जिभेला लावून थुंकायची सवय लावून घ्या, आई काकडीचं टोक चाखून पाहायची तशी.

यांना मधुमेह आहे. खाऊ द्यावं का?
— पुणे

किती खावं ते त्यांचे डॉक्टर किंवा आहारतज्ज्ञ सांगतील. मी स्वयंपाकघरातलं सांगते : शिजवलेल्या बटरनटच्या एका अमेरिकन कपात, म्हणजे साधारण २०० ग्रॅममध्ये, २१-२२ ग्रॅम कर्बोदकं असतात. म्हणून तो भाजी म्हणून मोजू नका, भात किंवा बटाट्याच्या जागी मोजा. त्यांच्यासाठी सिरप-गूळ वगळून अर्धी वाटी वेगळी काढा. नीट भाजलेला असला तर गोडाची उणीव भासत नाही.

बियांचं काय करू? फेकवत नाहीत.
— सॅन होजे

फेकू नका. धुऊन कापडावर रात्रभर वाळवा, तेलाचा हात, मीठ, तिखट, ३०० फॅरनहाइटला वीस-पंचवीस मिनिटं. मोठ्या फळांच्या बियांची साल जाड असते, फोडून आतला मगज खा.

ताई, भोपळा किती दिवस टिकतो? सेलमध्ये सहा घेऊन बसले आहे!
— वूस्टर, मॅसॅच्युसेट्स

शेजारच्या गावच्या आहात, मग तुम्हाला थंडी सांगायला नको. फ्रिजमध्ये ठेवू नका, तिथे गारठून खराब होतात. ५० ते ५५ फॅरनहाइटची कोरडी जागा हवी. इथल्या घरांच्या तळघरात नोव्हेंबरनंतर एवढंच असतं, घर तापवणाऱ्या भट्टीपासून लांब ठेवा. जमिनीवर नको, खाली पुठ्ठा घाला, एकमेकांना टेकवू नका. देठ शाबूत असलेलेच ठेवा. देठ तुटलेला, खरचटलेला या आठवड्यात खाऊन टाका. एकॉर्न आधी संपवा, तो दीड-दोन महिन्यांत धागेदार होतो. बटरनट दोन-तीन महिने सहज जातो, आणि पहिल्या महिन्यात तर आणखी गोड होतो, कारण आतल्या पिठाची साखर होत राहते. ताज्या तोडलेल्यापेक्षा थँक्सगिव्हिंगचा बटरनट चवदार लागतो तो यामुळे.

सर्वांत जास्त टिकतो निळसर सालीचा, फोड आल्यासारखा खरबरीत हबर्ड. तोही आपल्या मॅसॅच्युसेट्समधलाच. मार्बलहेडच्या जेम्स ग्रेगरी यांनी एकोणिसाव्या शतकात त्याच्या बिया विकायला आणल्या आणि ज्या एलिझाबेथ हबर्ड बाईंनी त्यांना हा भोपळा दाखवला त्यांचं नाव दिलं. पाच-सहा महिने राहतो. शेतकरी तो कधी कधी फरशीवर आपटूनच फोडतात. मी गेल्या ऑक्टोबरात सात किलोचा एक आणला होता. दर रविवारी खाली जाऊन फिरवून पाहायचे, कुठे मऊ पडला का. गुढीपाडव्याला फोडला. बाहेर अंगणात अजून बर्फ होतं. अर्ध्याच्या फोडी तुपात भाजल्या, मसाला आणि काकवी घालून. उरलेला किसून गुळात शिजवला आणि कणीक घालून घारगे केले.